सातव्या दिवसाचं दार

उघड्या दारावर टकटक झाली आणि घर गप्प झालं. आमच्या बेटावर, प्राइयात, मयताच्या घराचं दार सात दिवस उघडं असतं; आज बाबांचा सातवा दिवस होता. माणसं सरळ आत येतात, रडतात, जेवतात, पत्ते खेळतात. दार कुणी वाजवत नाही आणि कुणाला 'या' म्हणायची रीत नाही.

उंबऱ्याबाहेर माझा चुलतभाऊ जेर्सन उभा होता. रॉटरडॅममध्ये जन्मलेला, आमच्या राष्ट्रीय फुटबॉल संघाचा उजवा बचावपटू.

"आले साहेब," निशा आत्या पुटपुटली. "आमंत्रण लागतंय वाटतं."

"वाजवू दे," माझा भाऊ निल्टन पत्ते पिसत म्हणाला. "हात दुखला की जाईल."

"अरे, काकाच्या सातव्याला आलाय तो," आत्या म्हणाली.

"काका? बसमधून उतरताना हा बाबांना 'थँक्यू, ड्रायव्हर' म्हणायचा!"

कोपऱ्यात कुणीतरी हसलं. जेर्सनलाही ऐकू गेलं असावं.

बाबा संघाची बस चालवत. चार वर्षांपूर्वी, पात्रता सामन्याच्या सकाळी, निल्टन बॅग घेऊन बसच्या पायरीवर चढला, तेव्हा त्याला कळलं की त्याची जागा आदल्या दिवशी विमानानं आलेल्या जेर्सनला दिली आहे. व्यवस्थापक म्हणाला, "दार लाव, आर्मिंदू." मुलगा पायरीवरून उतरेपर्यंत बाबा थांबले. मग त्यांनी दार लावलं. बस वेळेवर पोचली, आपण जिंकलो, गावभर हॉर्न वाजले. बाबांनी हॉर्न न वाजवता बस आगारात नेली.

घरात त्याबद्दल कुणी कधी बोललं नाही. निल्टन बंदरावर सिमेंटची पोती उतरवू लागला. बाबा मात्र पुढे सगळे चढले तरी दार जरा जास्त वेळ उघडं ठेवत. "चला की, म्हातारबा!" मागून पोरं ओरडत.

प्रार्थना संपली. ऊन उतरलं. आत्यानं क्रूसाखालचं पांढरं कापड काढून घडी घातली. आता थोरल्या मुलानं दार लावायचं. निल्टन उठला.

जेर्सन तिथेच होता. काळा सदरा गळ्यापर्यंत बंद, घामानं पाठीला चिकटलेला.

"मी... आत... येऊ?" त्यानं आमच्या क्रिओल भाषेत, मोडकंतोडकं विचारलं.

"बसमध्ये चढताना विचारलं होतंस?"

जेर्सनची मान खाली गेली. निल्टननं दाराची कडी धरली आणि तो थांबला. बाबा थांबत तसाच, जरा जास्त वेळ. तो बाजूलाही सरकला होता. एक माणूस सहज आत आला असता.

"शिर की, मेल्या," आत्या माझ्या कानाशी म्हणाली, मोठ्यानं नाही.

जेर्सन बोलावण्याची वाट पाहत राहिला. आमच्यापैकी कुणी बोललं नाही. मीही नाही.

निल्टननं दार लावलं.

जेर्सनसाठी वाढलेली, मका-घेवड्याच्या कचूपाची ताटली माझ्या हातात होती. स्वयंपाकघरात जाऊन मी ती पातेल्यात परत ओतली.