बाचं आजारपण

आमचा बा ठणठणीत हाय. सकाळी दोन भाकरी दुधात कुस्करून खातो. पण कोर्टाच्या कागदावर त्याला लकवा मारलाय, आन् त्यो माझ्यापायी.

मी सीमा, मेंढरंवाल्या मसाजीची पोरगी. कारकुनाच्या भरतीत माझं नाव निवडीत आलं व्हतं. एक दाखला तेवढा ठरल्या मुदतीत द्यायचा व्हता. बानं तहसीलला येऊन अंगठा द्यायचा, बस! पण बा मेंढरं घेऊन पुसेगावच्या शिवारात. रातच्याला कळप वावरात बसवला की लेंड्यांचं खत व्हतं; सगळं वावर खतवून देतो, असा शब्द देऊन बसलेला. फोनवर म्हणला, "बाई, रान अर्धं राह्यलंय. शब्द मोडून कसा येऊ? दोन दिसात दाखला काय पळून चाललाय?"

दाखला न्हाई पळाला, मुदत पळाली. माझी जागा कनेरगाव नाक्याच्या रागिणीला गेली.

कोर्टात गेले. वकील म्हणला, "शब्द दिला होता, हे कारण तिथं चालत नाही. आजारपण चालतं." एका डॉक्टरानं लिहून दिलं, की मुदतीच्या आधीच बाला लकवा मारला आन् तवापासून आजवर त्याचं हिंडणंफिरणं बंद. मी बाला म्हणले, "हे खोटं हाय बा." त्यो म्हणला, "तुही जागा येते ना? मंग आण इकडं." आन् शपथेच्या कागदावर अंगठा दिला.

तवापासून बा घरात. रागिणीचा भाऊ अंगद लई बेरकी. मोबाईल घेऊन आमच्याच गल्लीत घिरट्या घालून राहिला. बाचा चालतानाचा एक फोटू भेटला की माझी केस गेली, आन् खोट्या शपथेपायी बा आत. केस मागं घ्यावी तर माझं वय संपलं, दुसरा फारम भरता येत न्हाई. धरलं तर चावतंय, सोडलं तर पळतंय! कोर्ट नुसतं तारखेवर तारीख देऊन राहिलं.

बा खाटंवर बसून विचारतो, "बाई, आजून किती दिस आजारी ऱ्हायचं?"

मी खेकसते, "काहून? तवा आला असता तर ही पाळी आली असती का?" मंग मलाच रडू येतं.

बा घरात बसल्यापासून त्याची मेंढरं शिवहारकाका राखतो; काल दुपारी त्यो कळप घेऊन सिद्धेश्वरच्या अंगाला निघाला. घंटा ऐकून बा उठला, खिडकीशी गेला, आन् त्याच्या तोंडून शीळ निघून गेली. झालं! अख्खा कळप आमच्या दारात. काका ओरडून राहिला, पण ऐकतंय कोण? गल्लीच्या तोंडाशी अंगद, मोबाईल वर धरून.

बानं काठी घेतली. "एक मेंढी लंगडून राहिली बाई. पाय बघतो नुसता."

मी दारात आडवी झाले. "बस खाली बा."

"सरक. माही लेकरं हायती ती."

"आन् मी कोण हाय?"

बा थांबला. काठी माझ्या हातात दिली, खाटंवर जाऊन पडला, चादर तोंडावर घेतली. चादर हलत व्हती. मी बाहेर आले आन् दाराला कडी घातली.

अंगदला म्हणले, "काय बघतो रे? आजारी माणूस हाय आत."

मेंढरं हलंनात. लंगडी मेंढी दाराला डोकं घासून राहिली. मंग मी बाचीच काठी उगारली आन् बाची मेंढरं त्याच्या दारातून हाकलली.