हात आपटायचा नाही

शाळा मी चौथीत सोडली, पण कुणाचं वजन कुठे पडलंय ते मला लांबून कळतं. ह्यांच्या माघारी जिउ-जित्सूचा क्लास मीच राखला. गादीच्या कडेला माझी खुर्ची, कमरेला किल्ल्या. आता गुडघे गेले, तेव्हा ठरवलं: मुलगा आणि सून, दोघांची कुस्ती लावायची. जिंकेल त्याचा क्लास.

मुलगा म्हणजे हत्ती आणि सून पाप्याचं पितर.

"जपून रे, चिरडशील बायकोला," मी म्हटलं. शिकणारे सगळे हसले.

त्याने तिला उताणी पाडली आणि लगेच गळपट्टी धरायला हात लांबवला. घाईच नडली. बापाने शंभरदा सांगितलं होतं, आधी समोरच्याची कंबर दाब, पाय ओलांड, मग वरचं बघ. ती खालून गर्रकन वळली. एक पाय त्याच्या तोंडावरून, दुसरा छातीवर, मध्ये त्याचा उजवा हात. गुडघे आवळले, मनगट उराशी धरलं. आता फक्त कंबर उचलायची बाकी, की कोपर मोडलंच.

आमच्यात गादीवर हात आपटला की हार, आणि समोरच्याने तिथल्या तिथे सोडायचं.

तो आपटेना.

"अहो, आपटा ना!" सून कळवळली. "आई, सांगा ह्यांना!"

मी काय सांगणार? सात वर्षांचा असताना तो हात आपटायचा, तेव्हा मी त्याला उपाशी झोपवायची. "आपल्या घरात कुणी आपटत नाही," म्हणायची.

तो माझ्याकडेच बघत होता.

"सोडलंस तर तू हरलीस," मी सुनेला म्हटलं.

तिने डोळे मिटले आणि कंबर उचलली. वाळकी फांदी मोडावी तसा आवाज झाला.

"आई," तो दात आवळून म्हणाला, "मी नाही आपटला."

"बघितलं. हरलास तो हरलास, वर हातही घालवलास."

मी किल्ल्या सुनेपुढे टाकल्या. तिने आधी स्वतःचा पट्टा सोडून त्याचा हात गळ्यात बांधला, त्याला दाराशी बसवलं. मग किल्ल्या उचलल्या.

"क्लास माझा ना, आई?"

"तुझाच."

"मग तुमची खुर्ची बाहेर न्या. उद्यापासून गादीजवळ तुम्ही नको."

कुणी हसलं नाही. खुर्ची मीच उचलली. दाराशी मुलाने मदतीला डावा हात पुढे केला.

"राहू दे," मी म्हटलं, "तोही मोडून घेशील."