काचेतला मळका पडदा

मित्रांनो, मी एक जुना पडदा आहे. मोजी बंदरामागच्या गल्लीत फुसाएबाईंचे उदोनचे, म्हणजे रश्शातल्या जाड जपानी शेवयांचे, दुकान आहे. त्याच्या दारावर मी लोंबत असे. सकाळी मला बांबूवर ओवून टांगले की दुकान उघडे, आत घेतले की बंद. पाटीची गरज कधी पडली नाही.

जन्मलो तेव्हा मी पांढराशुभ्र होतो. पण पोटभर खाऊन निघालेला माणूस जाता जाता माझ्या टोकाला बोटे पुसायचा. आमच्याकडे ती रीतच होती. पडदा जितका मळका, तितकी त्या दुकानाची चव चांगली, हे नवखा माणूसही ओळखायचा. एरवी आमचे लोक इतके टापटिपीचे की चारचौघांत शिंकायलाही संकोचतात. म्हणूनच माझा मळ ही खरी शाबासकी होती. सुतारकाम करणारे इवाकुरा मिस्त्री तर रोज दुपारी ती देऊन जात.

"मिस्त्री, नीट पुसा हात. समोरच्यांचा पडदा आपल्यापेक्षा काळा दिसतोय," फुसाएबाई आतून म्हणायच्या.

"मग तळणीत तेलाचा हात सैल सोड की, बाई. मी एकट्याने किती मळवायचा?"

पुढे एका गाजलेल्या कार्टून मालिकेत आमच्यासारखेच दुकान दिसले आणि देशोदेशीची पोरे गल्लीत फोटो काढायला येऊ लागली. फुसाएबाईंचा मुलगा केंगो हरखून गेला.

"आई, जगभरातून लोक येतायत आणि आपल्या दारात हे फडकं?"

"बघू या," फुसाएबाई म्हणाल्या.

आमच्याकडे असे म्हणणे म्हणजे नकारच. तोंडावर नाही म्हणणे बरे दिसत नाही ना. पण पोटच्या पोराला एवढे कळू नये, याचा मला आजही संताप येतो. दुसऱ्या दिवशी दारावर छापील, नवाकोरा पडदा आला. मला आत भिंतीवर काचेच्या चौकटीत बसवले आणि खाली पाटी लावली, 'कृपया हात लावू नये'. पाहुणे माझा फोटो काढतात, वाकून नमस्कार करतात आणि न खाताच जातात.

नवा पडदा लागला त्या दुपारी मिस्त्री दारापर्यंत आले, पडदा पाहून थबकले आणि मागे फिरले. फुसाएबाई धावत गेल्या आणि त्यांना बाहीला धरून घेऊन आल्या.

"मला वाटलं, दुकान विकलंस," मिस्त्री म्हणाले.

"तुम्हाला न सांगता विकीन होय?"

मिस्त्री जेवले. निघताना सवयीने त्यांचा हात नव्या पडद्याकडे गेला, पण पडदा इतका स्वच्छ होता की त्यांना धीर झाला नाही. ते परत आत आले आणि त्यांनी माझ्या काचेवर दोन बोटे पुसली. केंगो लगेच ओले फडके घेऊन आला.

"राहू दे ते," फुसाएबाई म्हणाल्या. या वेळी स्पष्ट म्हणाल्या. पण तोवर काच लख्ख झाली होती. मिस्त्रींनी ते पाहिले, वाकून निरोप घेतला आणि त्यानंतर ते आले नाहीत.

मित्रांनो, माझी काळजी घ्या, असे मी म्हणणार नाही. ती फार घेऊन झाली. काच काढा, मला दारात टांगा, आणि पोटभर खाऊन निघालात की माझ्या टोकाला बोटे पुसा.