दुसऱ्याच्या नलीवर

अब्बा, मुस्तफा परकार, वारल्याला तीन आठवडे झाले, तेव्हा अफशाने त्यांची मेल उघडली. कायमची बंद करावी म्हणून उघडली. मस्कतमधल्या अल हैलच्या तिच्या घरात, खिडकीजवळच्या टेबलाशी बसून अब्बांनी अकरा वर्षं जर्मनीला पत्रं पाठवली होती. तिथे एका गावाबाहेर नाझींची मजुरी छावणी होती; बंदिवानांकडून विटा पाडून घेत. आता त्या जागी स्मारक आहे. अफशाचे आजोबा दाऊद त्रेचाळीस सालच्या थंडीत तिथेच मेले. अब्बा तेव्हा दोन वर्षांचे होते. मेलेल्यांच्या यादीत आपल्या बापाचं नाव यावं, एवढंच त्यांचं मागणं होतं.

यादीत नाव होतं जहूरचं, दाऊदच्या थोरल्या भावाचं. त्यांच्या गावी, बाणकोटच्या खाडीकाठी, यात कुणाला नवल वाटलं नसतं. नली, म्हणजे खलाशाची बोटीवरची ओळख, घरातल्या छत्रीसारखी भावाभावांत फिरायची. सारंगाला, खलाशांच्या मुकादमाला, राबणारे दोन हात हवे असत. नलीवरच्या नावाशी त्याला देणंघेणं नसे. लढाईच्या दिवसांत जहूरला बोलावणं आलं आणि त्याच्या नलीवर दाऊद गेला. जर्मनांनी बोट पकडली. छावणीच्या वहीत जहूर चढला, तिथेच मेला. आणि खरा जहूर गावात सुपारीच्या बागा शिंपत राहिला.

स्मारकाचं शेवटचं उत्तर अब्बा इस्पितळात असताना आलेलं होतं. कुणी वाचलेलं नव्हतं. तिथल्या बाईंनी फार अदबीने लिहिलं होतं: यादीतल्याच नावाने नवा दगड कोरून झाला आहे, आपल्या भावनांचा आदर आहे, परंतु जहूर परकार यांचे मस्कतमधले नातू तय्यब परकार यांनी आजोबांचा मृत्यू छावणीत झाल्याचं लेखी कळवलं आहे आणि ते पुढच्या महिन्यात अनावरणाला येत आहेत.

तय्यबचाचा, अब्बांचे चुलतभाऊ, नातू नव्हते. जहूरचा सख्खा मुलगा होते. पत्राची तारीख अब्बांच्या मौतीच्या आधीची होती. म्हणजे जनाज्याला खांदा देताना, मग तिच्या बैठकीत बसून मुस्तफा कसा शेर होता हे येणाऱ्याजाणाऱ्याला सांगताना, चाचांना सगळं ठाऊक होतं.

ती रुवीला चाचांच्या घरी गेली. दार गुलबानूचाचीने उघडलं. पलंगावर लोकरीचा नवा कोट पसरलेला होता आणि चाचा त्याची बटणं लावून पाहत होते. त्यांनी आधी तिची चौकशी केली, खजूर पुढे केले. तिने मेलचा कागद कोटावर ठेवला.

चाचांनी तो वाचला नाही. मग ते बोलायला लागले ते थांबेनात. जर्मनांनी आपणहून गाठलं, आपण कुणाकडे गेलो नव्हतो. गावच्या ग्रुपवर अभिनंदनं येऊन गेली, आता नाही कसं म्हणायचं? आणि दगड तर परकारांचाच आहे ना, घरातल्या घरात.

"तुझा बाप काय नि माझा बाप काय, एकाच चुलीवरचे गो," ते म्हणाले. "नावात काय ठेवलंय?"

"नावात काही नाही तर मग तुमच्या बापाचं का कळवलंत?"

चाचा कोटाची बाही चाचपत राहिले.

"दगडावरचा माणूस त्रेचाळीसला मेला," अफशा म्हणाली. तिचा आवाज चढला नाही. चढला असता तर बरं झालं असतं, असं चाचीला वाटलं असावं. "तुम्ही पन्नास सालचे. हिशेब जुळेना म्हणून तुम्ही बापाला आजा केलंत. एवढं बापाचं नाव प्यारं?"

तेव्हा चाचांनी खरं सांगितलं. जहूर चौतीस सालापासून बोटीवर होता, पण लढाई लागली तसा घाबरला. चार पोरं होती. रात्ररात्र झोपत नसे. दाऊदला त्यानेच गळ घातली. गावात उभ्या जन्मात त्याला तोंडावर कुणी काही म्हणालं नाही, पण पाठीमागे म्हणायचं कुणी शिल्लकही ठेवलं नाही. एका दगडावर तरी तो मर्द दिसला असता.

घाबरणं हा गुन्हा नव्हता, हे अफशाला कळत होतं. त्या लढाईला न घाबरणारा माणूस वेडाच म्हणायला हवा. पण जहूरच्या भीतीची मजुरी दाऊदने केली, विटा पाडून केली, आणि आता त्याच्या मरणावरही तो घाबरलेला माणूसच बसणार होता. आणि अब्बा अकरा वर्षं चष्मा पुसून पुसून लिहीत होते.

तिने फोन काढला आणि स्मारकाच्या बाईंना लिहायला घेतलं. पुरावा लागेल, असं चाचा पुटपुटले. गुलबानूचाची आत गेली आणि आपल्या लग्नाचा, अठ्ठ्याहत्तर सालचा फोटो घेऊन आली. शेरवानीतल्या तय्यबशेजारी सासरे बसलेले, हातात बिर्याणीची रकाबी. "दहा वर्षं मी या सासऱ्यांना माझ्या हाताने जेवण वाढलंय," ती नवऱ्याकडे न बघता म्हणाली. "माझी सही घे."

अफशाने फोटोचा फोटो काढला. खाली लिहिलं, तुमच्या दगडावर मेलेला माणूस हा; मुलाच्या लग्नात जेवतो आहे. त्याच्या जागी दाऊद का गेले, तेही आता लिहायचं होतं.

"ताप होता म्हणून लिही," चाचा म्हणाले. आता ते विनवत होते. "अफशा, एवढं तरी कर. अंगात ताप होता."

तिने क्षणभर त्यांच्याकडे पाहिलं. मग टाइप केलं: जहूर घाबरले होते, म्हणून दाऊद गेले. तिने ते वाक्य त्यांना वाचून दाखवलं आणि त्यांच्यासमोरच पाठवून दिलं.