नानीची हाक

भाद्रपदातल्या तिरप्या, कोवळ्या उन्हात दूध भरलेल्या कणसांवरून एक हाक तरंगत यायची, ‘हाऽऽ हूऽऽ!’ आणि बाजरीवर उतरलेला चिमण्यांचा थवा, कुणी गोधडी झटकावी तसा, एका हिसक्यात आभाळाकडे उलटायचा. ती माझ्या चुलतीची, नानीची हाक. आई गेल्यावर मला वाढवलं तिनंच. राखणीच्या माळ्यावर उभी राहून, एक तळवा कानाशी धरून ती हाक द्यायची. जणू स्वतःच्याच स्वराचं वजन तोलून बघायची. खोडदच्या रानात आभाळाचं ऐकायला रेडिओ-दुर्बिणीच्या जाळीच्या अजस्र तबकड्या उभ्या राहिल्या, तेव्हा म्हणाली, ‘‘एवढालं कान लावल्यात, पर माझं वराडणं त्यास्नी ऐकू जात न्हाई व्हय रं?’’

सातवीत शाळा सुटली नि मी सुरतेला कापडाच्या कारखान्यात मागावर लागलो. तिथल्या अखंड खडखडाटात शेजारच्याचं बोलणंही ओठांवरून ओळखावं लागे. कोपऱ्यावरच्या टेलिफोन बूथात मात्र नानी लख्ख ऐकू यायची, कारण फोनवरही ती शिवाराच्या टोकाला हाक मारावी तशीच बोलायची. ‘‘जेवलास काऽऽ?’’ खानदेशी बूथवाला हसायचा, ‘‘भाऊ, फोन कशाला? दार उघडं ठेव, तसंच येईल ऐकू.’’ परक्या मुलखात माझं नाव कुणी इतक्या लांबून, इतक्या मोठ्यानं घेतं, एवढ्याच आधारावर मी तगलो.

मग कालव्याचं पाणी आलं, आणि बाजरी बांधाबांधानं मागं सरली. एकदा मी गावी आलो असताना, नानीनं हट्टानं राखलेला शेवटचा तुकडाही दादानं, तिच्या मुलानं, टोमॅटोसाठी मागितला.

‘‘आई, बाजरी दुकानात मिळती की.’’

‘‘मिळती. मग हाका बी दुकानात जाऊन मारू का?’’

सगळे हसलो, तीही हसली. दादाला तरी काय बोलणार? त्याच टोमॅटोवर त्याच्या पोरी शिकत होत्या. माळ्याचे वासे टोमॅटोच्या मांडवाला गेले. पाखरं कुठं गेली, कुणी विचारलं नाही.

आता फोन माझ्या खिशात असतो. परवा लावला, तर ‘जेवलास का?’ इतकं हळू आलं, की मी मागांपासून पळत जिन्यात गेलो.

‘‘नानी, मोठ्यानं बोल गं.’’

‘‘आता कशाला मोठ्यानं, बाळा? हितं समदी जवळच हायेत.’’

फोन कधी बंद झाला, कळलं नाही. मी तळवा कानाशी धरून तसाच उभा होतो. काळ असा हाकेचा पल्ला आखूड करत आणतो. आणि लांब गेलेल्या माणसाला आपण किती लांब आलो ते, हाक पोचेनाशी झाली की मगच समजतं.