खुणेखालचा आवाज

रविवारी जेवण झालं की हिल्डिंग संगणकासमोर बसायचा आणि हेडफोन गळ्यात अडकवायचा. कानांवर तो कधी घालत नसे. जन्मभर लाकडाचे ट्रक चालवून कान गेले होते, त्यात हेडफोन कानाला दाबतो अशी तक्रार. मग आवाज पूर्ण वाढवून तो गळ्यातच राहायचा आणि पलीकडचं बोलणं खोलीभर ऐकू यायचं. मी शेजारच्या स्वयंपाकघरात भांडी पुसत बसायचे. मी त्याची धाकटी बहीण, सिग्ने. वहिनी गेल्यापासून त्याचं जेवणखाण मीच बघत होते.

खेळसुद्धा लाकडाच्या ट्रकचाच होता. पडद्यावर जंगल, चढणीचे रस्ते, आणि ओंडके भरून गिरणीवर नेऊन टाकायचे. मी एकदा म्हटलं, "चाळीस वर्षं हेच केलंस, अजून मन भरलं नाही?"

"इथे डिझेल लागत नाही," तो म्हणाला.

खरी गोष्ट वेगळी होती. त्या खेळात त्याची मुलगी असायची. मारित दक्षिणेला माल्मोत राहते, देशाच्या पार दुसऱ्या टोकाला. तिची आई वारली तेव्हा मारित दुसऱ्या दिवशी पोचली. दारातच हिल्डिंग तिला म्हणाला, "आता कशाला आलीस?" दफन झालं, मारित परत गेली आणि त्यानंतर या घरात तिने पाऊल ठेवलं नाही. फोनवर दोघं हवापाण्याचं बोलायची आणि ठेवून द्यायची. मग कधीतरी मारितनेच त्याला या खेळात ओढलं. ट्रक चालवताना समोर रस्ता असतो, एकमेकांकडे बघावं लागत नाही. अशा वेळी आमच्याकडची माणसं बोलतात.

तिच्याबरोबर टोर्केल नावाचा तिचा एक सहकारी असायचा. दक्षिणेकडचा, तोंडाळ, पण मनाचा चांगला. हिल्डिंगला तो काका म्हणायचा.

त्या हिवाळ्यात हिल्डिंगच्या फुफ्फुसांनी हात टेकले. उमेओच्या इस्पितळातून घरी ऑक्सिजनचं यंत्र आलं. नाकात नळी आणि कोपऱ्यात ते यंत्र, सारखं फुस्स करायचं, मग खट्, मग पुन्हा फुस्स. डॉक्टरीणबाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं की आता फार नाही, जवळच्यांना कळवा.

"मारितला सांगू?" मी विचारलं.

"नाही."

"अरे, पोरगी आहे ती तुझी."

"आजारी आहे म्हणून येईल. तसं यायला नको मला."

त्याला ती यायला हवी होती, हे मला ठाऊक होतं. तिने आपण होऊन यावं आणि आपल्याला बोलवावं लागू नये, एवढाच त्याचा हट्ट होता.

यंत्र आल्यानंतरच्या पहिल्याच रविवारी टोर्केलचा आवाज खोलीत घुमला. "काका, तुमच्याकडे कोणी सायकलमध्ये हवा भरतंय का?"

हिल्डिंगने यंत्राकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "कुत्री आहे," तो म्हणाला. "म्हातारी झालीय. धापा टाकते."

"बाबा, तू कुत्री पाळलीस?" मारित म्हणाली. "कधी? नाव काय ठेवलंस?"

हिल्डिंगची नजर अजून माझ्यावरच होती. "सिग्ने."

मी कॉफीचा कप ओट्यावर आपटला.

"आत्याचं नाव कुत्रीला?" मारित हसत सुटली. "आत्या काय म्हणाली?"

"भुंकली."

किती तरी दिवसांनी त्या घरात मारितचं हसणं ऐकू आलं, म्हणून मी गप्प बसले.

पण टोर्केल पाठ सोडेना. "काका, कुत्रीवर माझा राग नाही, पण तिच्या धापांत मारितचं बोलणं बुडतंय. माइकचा आवाज जरा नीट लावून घ्या." आणि त्याने सांगितलं तसं हिल्डिंगने पडद्यावर माइकच्या आवाजाचं पान उघडलं. मीही चष्मा लावून मागे उभी राहिले. तिथे एक हिरवी पट्टी होती. बोललं की ती उजवीकडे पळायची, गप्प झालं की मागे यायची. पट्टीवर एक खूण होती आणि ती बोटाने सरकवता यायची. आवाज खुणेच्या पुढे गेला तरच माइक तो पलीकडे पाठवायचा. खुणेच्या अलीकडचं काहीही असो, ते इथेच राहायचं.

यंत्र फुस्स करायचं तेव्हा पट्टी साधारण मध्यापर्यंत येत होती. हिल्डिंगने खूण मध्याच्या पुढे ढकलली. मग मनाचं समाधान होईना म्हणून आणखी थोडी ढकलली.

"एक, दोन, देवदार," तो म्हणाला. पट्टी खुणेपर्यंतही पोचली नाही.

"काका, बोला की," टोर्केल म्हणाला.

"एक, दोन, देवदार!" तो ओरडला.

"वा! आता कसं स्वच्छ! कुत्री झोपली वाटतं."

तेव्हापासून हिल्डिंग खेळताना ओरडून बोलायचा. डॉक्टरीणबाईंनी त्याला श्वास राखून वापरायला सांगितलं होतं, आणि हा माणूस आठवडाभर माझ्याशी मानेने बोलायचा आणि साठवलेलं सगळं रविवारी त्या माइकवर उधळायचा. खेळ संपला की भिंतीला डोकं टेकून बसून राहायचा, ओठ निळसर पडलेले.

"ती खूण थोडी खाली आण ना," मी म्हणायचे.

"मग यंत्र ऐकू जाईल."

"जाऊ दे की."

"सिग्ने, तू भांडी पूस."

आता आमच्या भागातली एक गोष्ट सांगायला हवी. इथे 'हो' म्हणायला आम्ही शब्द वापरतोच असं नाही. ओठ थोडे पुढे काढायचे आणि हवा झटक्यात आत ओढायची, श्युप्, की झालं हो. दुकानात, चर्चमध्ये, लग्नाच्या मागणीलासुद्धा लोक असाच होकार देतात. शाळेत दक्षिणेकडून नव्या बाई आल्या होत्या, त्यांना वाटायचं पोरं दचकतायत. जितकं मनापासूनचं हो, तितका आवाज कमी. मोठ्याने 'हो' म्हणणाऱ्या माणसाचा आम्हाला थोडा संशयच येतो.

ईस्टर जवळ आला होता. बर्फ दिवसा वितळायचं आणि संध्याकाळी पुन्हा घट्ट व्हायचं. त्या रविवारी टोर्केल नव्हता, बापलेक दोघंच होते. पडद्यावर दोन ट्रक एकामागे एक चढण चढत होते. मग मारित म्हणाली, "बाबा, ईस्टरला मला सुट्टी आहे."

"बरं आहे," हिल्डिंग ओरडला.

"मी विचार करत होते... मी घरी आले तर तुला चालेल का?"

माझा हात ताटलीवर थांबला. दारातून मला त्याची पाठ दिसत होती. त्याने मान डोलावली, ओठ पुढे काढले आणि हवा आत ओढली. मी दहा पावलांवर होते, मला स्वच्छ ऐकू आलं.

"बाबा?" मारित म्हणाली.

त्याने पुन्हा तसंच केलं, आधीपेक्षा सावकाश. त्याचे डोळे भरले होते. शब्द काढला असता तर रडू फुटलं असतं, आणि पोरीसमोर रडणं त्याच्या रक्तात नव्हतं.

मग ती म्हणाली, "ठीक आहे. कळलं मला." आणि तिचा ट्रक पडद्यावरून नाहीसा झाला.

हिल्डिंग खुर्चीत वळला. असा चेहरा मी त्याचा लग्नाच्या दिवशी पाहिला होता. "ऐकलंस?" तो म्हणाला. "येतेय ती. म्हणाली, कळलं."

आणि मलाही तसंच वाटलं. आम्हा दोघांपैकी कोणालाही त्या हिरव्या पट्टीची आठवण झाली नाही.

दुसऱ्या दिवसापासून घर हललं. वरची खोली उघडून हवेशीर केली, गादी स्टोव्हजवळ उभी करून वाळवली. मी भट्टी पेटवून पातळ भाकऱ्या भाजल्या. तिला लहानपणी कॉफीत बुडवून खायला आवडायचं ते चीज मी शेजारच्या गावातून आणवलं. हिल्डिंग तर नळी काढून ठेवून फावडं घेऊन अंगणात निघाला होता.

"कुठे चाललास?"

"वाटेवरचं बर्फ. ती शहरातले बूट घालून येईल."

"तू त्या बर्फात आडवा पडलास तर तिला तुझ्यावरून उडी मारून यावं लागेल. बस खाली."

बसला. पण खिडकीशी बसला, रस्ता दिसेल असा.

पुढच्या रविवारी खेळात मारितचा ट्रक नव्हता. टोर्केल म्हणाला, "ती काही दिवस खेळणार नाही म्हणाली, काका. दमलेय म्हणे."

"तयारीत असेल," हिल्डिंगने ओरडून सांगितलं. "ती इकडे येतेय!"

टोर्केल म्हणाला, "असं का? मला काही बोलली नाही."

"आमच्या घरचे लोक बोलत नाहीत फार."

माझ्या मनात तेव्हा काहीतरी खटकलं. मी म्हटलं, "फोन करून विचार तरी, कुठल्या गाडीने येतेय."

"कशाला? मागे लागलोय असं वाटेल तिला."

"मी करते."

"तू मुळीच करायचा नाहीस. ती येते म्हणालीय, मी हो म्हणालोय, संपलं."

गुड फ्रायडे आला, गेला. शनिवारी सकाळी त्याला श्वासच घेता येईना. ॲम्ब्युलन्समध्ये शिरताना तो मला म्हणाला, "स्वयंपाकघराचं दार उघडं ठेव. तिच्याकडे किल्ली नाही."

इस्पितळाच्या जिन्यात उभी राहून मी मारितला फोन लावला. "कुठवर आलीस?" मी विचारलं.

"कुठे यायचंय? मी घरी आहे, आत्या."

"अगं, ईस्टरला येणार होतीस ना तू?"

तिचा आवाज कडक झाला. "मी विचारलं त्याला. दोनदा वाट बघितली. एक शब्द बोलला नाही. नाही म्हणायची सुद्धा तसदी घेतली नाही त्याने."

"तो हो म्हणाला, मारित."

"काहीच म्हणाला नाही. मी कान देऊन बसले होते."

"मी तिथेच होते. श्वासाने म्हणाला. दोन वेळा."

ती आमच्याच मातीत वाढलेली, तिला आणखी समजावून सांगावं लागलं नाही. मग ती अगदी हळू म्हणाली, "माझ्यापर्यंत आलंच नाही ते. त्याने ती खूण इतकी वर का नेली होती?"

"यंत्र ऐकू येऊ नये म्हणून."

"कसलं यंत्र?"

मी सांगितलं. ऑक्सिजन, फुफ्फुसं, डॉक्टरीणबाई, सगळं.

"मग ती कुत्री?"

"कुत्रीबित्री काही नाही गं. कुत्री मीच."

ती हसली की रडली ते मला कळलं नाही. "निघते," एवढंच म्हणाली. ईस्टरमुळे विमानात जागा मिळाली नाही. मिळेल त्या गाडीत ती बसली.

हिल्डिंगच्या तोंडावर मास्क होता. रविवारी दुपारी त्याने तो बोटाने उचलला आणि विचारलं, "कुठपर्यंत आली?"

"स्टॉकहोम सोडलंय," मी म्हणाले. ते खरं होतं.

"वाटेत बर्फ असणार," तो म्हणाला. "गाड्या थांबतात. बिचारीला किती दिवस लागले." मग मास्क खाली ठेवला आणि डोळे मिटले. पुन्हा काही तो बोलला नाही.

संध्याकाळी मी स्टेशनवर उभी होते. उजेड अजून होता. मारित उतरली, हातात लहानशी पिशवी, केस आता अर्धे पांढरे. मला एकटीला बघून ती तिथेच थांबली.

"कधी?"

"दुपारीच."

तिने पिशवी खाली ठेवली. माणसं दोन्ही बाजूंनी जात होती, एकाने तिला धक्का दिला आणि माफी मागितली.

"उशीर झाला म्हणून रागावला असेल," ती म्हणाली. "आईच्या वेळी रागावला तसा."

"नाही. तुला उशीर झालाय हे त्याला कळलंच नाही. त्याला वाटत होतं, तू केव्हाचीच निघाली आहेस, वाटेतच आहेस."

"म्हणजे इतके दिवस मी घरात बसून त्याला शिव्या घालत होते आणि तो..."

"वरची खोली गरम करून बसला होता."

"हे मला सांगायला नको होतंस, आत्या."

"मग काय सांगू?"

मी तिची पिशवी उचलली आणि आम्ही इस्पितळापर्यंत चालत गेलो.

खोलीत नर्सने खिडकी उघडून ठेवली होती, माणूस गेल्यावर आमच्याकडे ठेवतात तशी. आत चांगलाच गारठा होता. सगळी यंत्रं बंद करून नेलेली होती. मारितने खुर्ची ओढली, इतकी जवळ की तिचे गुडघे पलंगाला टेकले. अंगातला कोट तिने काढला नाही. थोड्या वेळाने ती त्याच्याशी बोलू लागली, आमच्या गावच्या बोलीत. ती बोली ती विसरली असेल असं मला वाटत होतं. ती अगदी हळू बोलत होती. मी बाहेर आले आणि दार ओढून घेतलं.