निळी फुली

वरदा मेश्रामला चूक बुधवारीच दिसली होती. दिसली नसती तर बरं झालं असतं, असं नंतर तिला शंभरदा वाटलं.

लंडनजवळच्या ब्रॅकनेलच्या ऑफिसात ती गॅलिसियाच्या बोटींचं तिकीट-ॲप करत होती. गॅलिसिया म्हणजे स्पेनचा वायव्य कोपरा. भाषा निवडायच्या बटणावर तिथला झेंडा हवा होता, तो मॅनेजर सुयशने कुठूनसा उचलून लावला: पांढऱ्यावर निळी फुली. वरदाला मेली प्रत्येक गोष्ट तपासायची खोड! तिने वाचून काढलं. फुली तिथल्याच कोरुन्या बंदराची, जुनी. देश सोडून निघालेल्यांना बोटीवर तीच फडकताना दिसायची आणि त्यांनी तिलाच आपल्या मुलखाचा झेंडा मानलं, असं सांगतात. पण रशियन नौदलाचाही झेंडा तसाच, म्हणून एक पट्टा काढून टाकला. आता एकच तिरका निळा पट्टा उरलाय. सरकारी झेंड्यावर मध्ये पेला आणि जुन्या सात प्रांतांचे सात क्रॉस असतात.

तिने सुयशला ईमेल केली, शिवाय जाऊन सांगितलंही. "अरे, हा बदल ना. लोकांना रशियन नेव्ही वाटेल."

"अगं, एवढंसं बटण, कोण बघतंय? तुझं स्पॉन्सरशिपचं माझ्याच सहीवर अडलंय ना? मग गप राहा की. आपली माणसं आपणच सांभाळायची."

आपली माणसं म्हणे! व्हिसा संपायला एकोणीस दिवस उरलेले. सही झाली नाही तर चंबूगबाळं आवरून नागपूर, आणि लेकीची, कल्याणीची, जीसीएसई म्हणजे इथली दहावी मेमध्ये. पोरगी दोन वर्षं रट्टा मारतेय. वरदा गप बसली.

शुक्रवारी डेमो. स्क्रीनवर कोरुन्याची सबेला, त्यांची क्लायंट. बटण बघून तिचा चेहराच उतरला.

"हे कोणी केलं?"

"झेंडे वरदाकडे होते," सुयश म्हणाला. पापणीसुद्धा लवली नाही मेल्याची.

बुधवारची ईमेल वरदाच्या समोर उघडी होती. चॅटमध्ये टाकली की संपलं. बोट कीबोर्डवर गेलं, आणि तिने ईमेल बंद केली.

"सॉरी. माझीच चूक."

"माझे पणजोबा त्याच बंदरातून गेले, ते परत आलेच नाहीत," सबेला म्हणाली. "कामाला हात घालण्याआधी थोडं वाचायचं तरी."

वाचलं होतं गं बाई, अक्षर न् अक्षर वाचलं होतं!

चारच्या आत सही झाली. "बघ, सांभाळलं की नाही?" सुयश हसत म्हणाला. आणखी तीन वर्षं, याच कंपनीत, याच माणसाच्या हाताखाली. तिने त्याला थँक्यू म्हटलं. कल्याणीला मेसेज केला, तर तिकडून नाचणारी चित्रं आली.

स्टेशनवर फोन वाजला. स्टॅनमोरच्या अरुणाताई होत्या, जयंतीचा कार्यक्रम बघणाऱ्या.

"वरदा, रविवारी तूच बोलायचं हं. विषय स्वाभिमान. दरवर्षी लोक तुझीच वाट बघतात."

"हो ताई."

"चल मग, ठेवते. जय भीम."

पलीकडे ताई थांबल्या होत्या. उत्तर द्यायला वरदाचं तोंडच उघडेना.